रिकाम्या खोल्यांची साक्ष: झरीना भीमजी यांच्या ‘आउट ऑफ ब्लू’चं प्रकरण

आपल्या समाजाच्या हद्दपारीवर चित्रपट करायचा तर एक वाट ठरलेलीच असते. ज्यांना घरदार सोडावं लागलं त्यांना कॅमेऱ्यासमोर बसवायचं, बोलू द्यायचं, मधूनमधून जुने फोटो आणि वर्तमानपत्रांची कात्रणं दाखवायची. ब्रिटनमधल्या छायाचित्रकार आणि चित्रपटकार झरीना भीमजी यांना ही वाट सहज धरता आली असती. त्यांचा जन्म १९६३ सालचा, युगांडातल्या म्बारारा इथल्या भारतीय वंशाच्या कुटुंबातला. युगांडाचा लष्करी हुकूमशहा इदी अमीन यानं आशियाई लोकांना देशाबाहेर काढलं तेव्हा त्या आठ-नऊ वर्षांच्या होत्या, आणि १९७४ मध्ये त्या ब्रिटनला आल्या. ज्या समाजात वाढल्या त्यात सांगण्यासारखं पुष्कळ असलेली माणसं पावलोपावली होती. साक्षीदार शोधत फिरायची गरजच नव्हती.

तरीही त्यांनी २००२ मध्ये पूर्ण केलेल्या ‘आउट ऑफ ब्लू’ या सुमारे २४ मिनिटांच्या चित्रपटात कुणीही बोलायला बसलेलं नाही. निवेदन नाही, मुलाखत नाही. मुळात पडद्यावर माणूसच नाही. आहेत त्या युगांडातल्या जागा: हिरवा डोंगराळ मुलूख, त्यात पेटलेली आग, ओसाड घरं, बराकी, कोठड्या, दफनभूमी, एन्टेबीचा जुना विमानतळ.

या एका निर्णयाचा हा अभ्यास आहे. माझं मत सुरुवातीलाच मांडून ठेवणं बरं. माणसं चौकटीबाहेर ठेवल्यामुळेच हा चित्रपट ‘आपण कुठले’ या प्रश्नाशी प्रामाणिक राहू शकला. पण त्याची किंमतही मोजावी लागली आहे, आणि ती थोडीथोडकी नाही.

नव्वद दिवस

४ ऑगस्ट १९७२ रोजी अमीननं जाहीर केलं की ब्रिटिश पासपोर्ट असलेल्या आशियाई लोकांनी ९० दिवसांत देश सोडावा. पाठोपाठ भारत, पाकिस्तान आणि बांगलादेशच्या नागरिकांनाही तोच हुकूम लागू झाला. मध्येच, युगांडाचं नागरिकत्व घेतलेल्या आशियाईंनाही जावं लागेल असं म्हटलं गेलं. ते नंतर मागे घेतलं, पण कागदपत्रांच्या तपासणीत अशा अनेकांचं नागरिकत्वच अवैध ठरवलं गेलं. सुमारे २७-२८ हजार लोक ब्रिटनला गेले, काही हजार कॅनडाला, काही हजार भारतात. ज्यांना कुठलाच देश आपलं म्हणेना ते निर्वासितांच्या छावण्यांत अडकले आणि तिथून निरनिराळ्या देशांत पांगले. सोबत नेता येणारी रक्कम पन्नासेक पौंडांची. दुकानं, घरं, कारखाने मागेच राहिले.

या लोकांची ओळख कागदावर आधीपासूनच गुंतागुंतीची होती, हे इथे नीट लक्षात घ्यायला हवं. युगांडा ९ ऑक्टोबर १९६२ रोजी स्वतंत्र झाला तेव्हा तिथल्या बऱ्याच आशियाईंना नव्या देशाचं नागरिकत्व घ्यायचं की ब्रिटिश पासपोर्ट ठेवायचा हे ठरावीक मुदतीत ठरवायचं होतं. एकाच घरात भाऊ युगांडाचा, बहीण ब्रिटिश आणि आजी भारतीय अशी स्थिती नवलाची नव्हती. पुढे १९६८ मध्ये ब्रिटननं कायदा करून, ज्यांचे आईवडील किंवा आजीआजोबा ब्रिटनमधले नाहीत अशा ब्रिटिश पासपोर्टधारकांचा प्रवेशाचा हक्कच काढून घेतला. हातातला पासपोर्ट ब्रिटिश, पण ब्रिटनमध्ये शिरायला वर्षागणिक मोजून दिली जाणारी व्हाउचर लागायची. आणि १९७२ च्या सप्टेंबरमध्ये इंग्लंडमधल्या लेस्टर शहराच्या नगरपालिकेनं युगांडातल्या वर्तमानपत्रात जाहिरात दिली: आमच्या शहरात घरं, शाळा, दवाखाने भरलेले आहेत, इकडे येऊ नका. त्याच लेस्टरमध्ये आशियाईंची मोठी वस्ती पुढे उभी राहिली. भीमजी यांचं कलाशिक्षणही तिथल्याच पॉलिटेक्निकमध्ये सुरू झालं. नंतर त्या लंडनच्या गोल्डस्मिथ्स आणि स्लेड या कलाशिक्षणाच्या संस्थांत शिकल्या.

म्हणजे या समाजापुढे ‘आपण कुठले’ हा प्रश्न भावनेचा होता त्याहून जास्त शिक्क्यांचा होता. घराचा पत्ता कोणता हे घरात राहणाऱ्यानं ठरवलं नाही, खिडकीपलीकडच्या अधिकाऱ्यानं ठरवलं.

दुसरी बाजूही सांगायला हवी, कारण चित्रपटाचं मोल ठरवताना ती लागणार आहे. मोंबासाहून व्हिक्टोरिया सरोवराकडे जाणारा लोहमार्ग इंग्रजांनी १८९६ ते १९०१ या काळात बांधला, त्यासाठी हिंदुस्थानातून बत्तीस हजारांच्या आसपास मजूर नेले आणि त्यांतले जवळजवळ अडीच हजार तिथेच मेले. बहुतेक उरलेले परतले. पण त्या रुळांबरोबर व्यापारी आत शिरले, त्यांत गुजराती जास्त. वसाहतीच्या उतरंडीत गोरे वर, आफ्रिकी खाली आणि आशियाई मध्ये, अशी मांडणी इंग्रजांनी पद्धतशीर केली. गावातलं दुकान आशियाईचं, दुकानातला हमाल आफ्रिकी. अमीनचा हुकूम क्रूर होता यात शंका नाही. पण त्याला त्या वेळी रस्त्यावरून जो पाठिंबा मिळाला तो या उतरंडीतून आलेला होता.

आधीच्या कामातली खूण

भीमजी यांनी माणूस वगळण्याचा विचार युगांडात जाऊन अचानक केला नाही. १९८७ च्या ‘शी लव्ह्ड टु ब्रीद – प्युअर सायलेन्स’ या कामात तो आधीच दिसतो. १९७९ मध्ये एक बातमी फुटली होती: लग्नासाठी भारतातून आलेल्या एका स्त्रीची हीथ्रो विमानतळावर, इमिग्रेशनच्या नावाखाली, कौमार्य चाचणी केली गेली होती. संतापानं हात शिवशिवावेत असा विषय. भीमजी यांनी प्रसंग उभा केला नाही, त्या स्त्रीला पुन्हा एकदा सगळ्यांसमोर आणलं नाही. पारदर्शक पत्र्यांमध्ये धरलेली छायाचित्रं आणि मजकूर छतापासून टांगले आणि खाली जमिनीवर मसाल्यांची पूड पसरली, त्यात हळद. जिची झडती झाली तिला पुन्हा बघण्याची वस्तू होऊ द्यायचं नाही, ही त्यामागची नीती मला फार मोलाची वाटते. ‘आउट ऑफ ब्लू’चं मूळ मी याच कामात पाहते.

खोल्या

१९९८ पासून भीमजी युगांडात जाऊन छायाचित्रं काढू लागल्या. त्यांतून ‘लव्ह’ ही मालिका झाली, जी २००६ पर्यंत चालू राहिली. चित्रपट याच कामाच्या पोटातून आला, म्हणून ही छायाचित्रं जवळून पाहायला हवीत.

एक भिंत घ्या. रंगाचे पापुद्रे सुटलेत आणि एका थराखालून दुसरा थर डोकावतो आहे. कुणीतरी कधीतरी घराला निळा दिला, नंतर कुणी पांढरा, मग कुणीच नाही. विजेच्या तारा उपसून काढल्यासारख्या लोंबतात. प्रकाश मात्र मायेनं आल्यासारखा, तिरपा, मऊ. दुसऱ्या एका छायाचित्रात बंदुका भिंतीला टेकवून ठेवल्यात, ओळीनं, घरात छत्र्या ठेवाव्यात इतक्या सहज. बंदूक धरणारा कुठेच नाही. तो बाजूच्या खोलीत आहे, की आत्ताच उठून गेलाय, की येतोय? छायाचित्र हे सांगत नाही, आणि न सांगितल्यानं धाक वाढतो.

भावना चौकटीतून उचलून शीर्षकात ठेवायची ही भीमजी यांची पद्धत. ‘बापा क्लोज्ड हिज हार्ट, इट वॉज ओव्हर’. ‘मेमरीज वेअर ट्रॅप्ड इनसाइड द अ‍ॅस्फाल्ट’. चित्रात नुसती जागा, आणि तिच्याखाली ही ओळ: बाप, त्याचं मिटलेलं मन, डांबरात अडकून पडलेल्या आठवणी. मुलीनं बापाबद्दल सांगावं तितकंच सांगितलंय, आणि बापाचा फोटो दाखवलेला नाही. शीर्षक वाचून पुन्हा चित्राकडे पाहिलं की तीच भिंत वेगळी दिसते.

त्या वेळी या घरांची स्थिती काय होती? आशियाईंच्या मालमत्ता अमीनच्या काळातच सरकारी मंडळाच्या ताब्यात गेल्या होत्या. १९८२ च्या कायद्यानं त्या परत मागण्याची वाट उघडली, आणि १९८६ मध्ये सत्तेवर आलेल्या मुसेवेनी यांनी पुढे आशियाईंना परत बोलावून मालमत्ता परत देण्याचं काम नेटानं चालवलं. कुणी परतून कुलूप उघडलं, कुणी ताबा मिळताच विकून टाकलं, कुणी आलंच नाही. म्हणजे भीमजी ज्या भिंतींसमोर कॅमेरा लावत होत्या त्यांच्या मालकीचा प्रश्न तेव्हा धगधगता होता. त्यांचं काम नुसत्या गतकाळाच्या हळहळीत घालणारे लोक हे विसरतात.

आवाजाला अंग नाही

‘आउट ऑफ ब्लू’ डॉक्युमेंटा ११ साठी तयार झाला. जर्मनीतल्या कासेल शहरात भरणाऱ्या या प्रदर्शनाचे २००२ चे कलासंचालक नायजेरियात जन्मलेले ओक्वुई एन्वेझोर होते, आणि त्या पदावर आलेले ते पहिले बिगर-युरोपीय. प्रदर्शनाआधी त्यांनी जगात निरनिराळ्या ठिकाणी चर्चासत्रं घेतली होती, त्यांतलं एक दिल्लीत, आणि त्याचा विषय होता अत्याचारांनंतरचं सत्य आणि समेट. भीमजी यांच्या चित्रपटाला याहून योग्य शेजार मिळाला नसता.

सुपर १६ मिलिमीटर फिल्मवर चित्रण, आणि कॅमेऱ्याला कसलीही घाई नाही. तो भिंतीवरून, दारावरून, गवतावरून सरकतो. घटना अशी एकच म्हणता येईल: आग. हिरव्यागार मुलुखात ज्वाळा उठतात, त्यांचा तडतडाट ऐकू येतो. शेतातली जाळपोळ आहे की गाव पेटलंय, हे कळत नाही.

खरी उलथापालथ ध्वनीत आहे. चित्र ओस, पण कान भरलेले: पक्षी, किड्यांची भुणभुण, आगीचा आवाज, माणसांची कुजबुज. हे आवाज पडद्यावर दिसणाऱ्या गोष्टींमधून आलेले नाहीत, वेगळे रचून चित्राशेजारी ठेवलेत. आवाजाला अंग नाही आणि खोलीला रहिवासी नाही. दोन्ही एकाच वेळी आपल्यासमोर असतात, पण एकमेकांचे होत नाहीत. बेघर होण्याबद्दल चित्रपटातलं कोणतंही पात्र जे सांगू शकलं असतं ते इथे चित्र आणि ध्वनी यांच्या तुटलेल्या नात्यातून समजतं. भीमजी म्हणत आल्या आहेत की त्यांना घटनांच्या तपशिलापेक्षा त्या घटनांचा मागे उरणारा प्रतिध्वनी धरायचा असतो. या ध्वनिपट्टीत तो शब्दशः धरलेला आहे.

आता मुख्य प्रश्न. साक्षीदार बसवला असता तर काय बिघडलं असतं?

पहिली गोष्ट, निर्वासिताचं चित्र आधीच काढून झालं होतं. १८ सप्टेंबर १९७२ रोजी स्टॅनस्टेड विमानतळावर पहिलं विमान उतरलं तेव्हापासून ब्रिटिश वर्तमानपत्रांत आणि टीव्हीवर तीच दृश्यं फिरत होती: थंडीला न पुरणारे कपडे, साडीवर कोट, सुटकेस, भेदरलेली मुलं. त्या दृश्यांमागे सहानुभूती नव्हती असं नाही. पण त्यांतला माणूस कायम ‘आलेला’ माणूस असतो. तो जिथून आला ती जागा कुठेच नसते. भीमजी यांनी नेमकं उलट केलं. आलेला माणूस काढून टाकला आणि जागा ठेवली.

दुसरी गोष्ट मला याहून मोठी वाटते. पडद्यावर चेहरा आला की दुःखाची मालकी ठरते. आशियाई दुकानदार बोलू लागला की ती खोली त्याची. पण अमीनच्या १९७१ ते १९७९ च्या राजवटीत मारल्या गेलेल्या लोकांचे अंदाज एक लाखापासून पाच लाखांपर्यंत जातात, आणि ते बहुतेक सगळे आफ्रिकी युगांडावासी होते. बराक आणि कोठडी त्यांचीही जागा आहे. एन्टेबीच्या जुन्या विमानतळावरून आशियाई कुटुंबं कायमची गेली. तिथेच १९७६ मध्ये अपहृत विमानातले ओलीस ठेवले गेले आणि इस्रायली कमांडोंच्या कारवाईत गोळीबार झाला. या भिंतीवर एकाच गटाचं नाव लिहायचं कसं? चौकट रिकामी ठेवल्यामुळे हे सगळे मृत आणि हद्दपार एकाच खोलीत उभे राहू शकतात. स्वतः हद्दपार झालेल्या कुटुंबातल्या कलावंतानं एवढी जागा सोडावी, हे मोठ्या मनाचं आणि डोळस काम आहे.

जे सुटलं

या चित्रपटाबद्दल दोन आक्षेप मनात येतात आणि ते एका वजनाचे नाहीत.

पहिला देखणेपणाचा. पडक्या वास्तूंचं सुंदर चित्रण हा छायाचित्रणातला सोपा मोह आहे, आणि भीमजी यांच्या चौकटी अतिशय देखण्या आहेत. इतिहास ठाऊक नसलेला प्रेक्षक नुसत्या रंगांवर खूश होऊन बाहेर पडू शकतो. हा आक्षेप मला फारसा टिकणारा वाटत नाही. देखणेपणामुळे आपण त्या कोठडीत थांबतो, आणि थांबल्यावर कानांवर येणारे आवाज आपल्याला स्वस्थ बसू देत नाहीत. शिवाय जी जागा सोडावी लागली ती सोडणाऱ्याला सुंदर वाटत होती, हे सांगण्याचा हक्क त्याला आहे.

दुसरा आक्षेप जास्त खोल जातो. कॅमेरा हाताळणाऱ्या कुणालाही ठाऊक असतं की माणसांच्या देशात चौकट आपोआप रिकामी मिळत नाही, ती रिकामी करावी लागते. एक तर वाट पाहायची, किंवा कोन बदलायचा, किंवा लोकांना बाजूला व्हा म्हणायचं. युगांडात १९९८ नंतरही या इमारतींच्या आसपास लोक राहत होते, पहारा करत होते, शेती करत होते. चित्रपटात ते नाहीत. जे गेले त्यांच्यासाठी जागा करताना जे आहेत त्यांनाही चौकटीबाहेर काढलं गेलं. आशियाई मध्यमवर्गाच्या घरात पूर्वीही आफ्रिकी नोकर असाच असूनसुद्धा न दिसणारा होता, म्हणून हे जास्त बोचतं. चित्रपट स्वतःहून या नोकराकडे बोट दाखवत नाही. कुजबुजणाऱ्या आवाजांत तो असेलही, पण प्रेक्षकाला तो शोधावा लागतो, आणि बहुतेक प्रेक्षक शोधणार नाहीत.

साक्षीदार बसवून हा दोष गेला असता का? आशियाई साक्षीदारांनी तो वाढलाच असता. आफ्रिकी शेजारी, भाडेकरू, पहारेकरी यांना बोलतं केलं असतं तर एक वेगळा, कदाचित तितकाच गरजेचा चित्रपट झाला असता. तो कुणीतरी करायला हवा. भीमजी यांनी तो केला नाही म्हणून जे केलं ते उणं ठरत नाही, पण उणीव आहे हे म्हणायला कचरू नये.

मुंबईच्या फाइली आणि नंतर

२००७ मध्ये भीमजी ब्रिटनमधल्या टर्नर या कला-पारितोषिकाच्या अंतिम यादीत होत्या. ते पारितोषिक मार्क वॉलिंजर यांना मिळालं. त्याच वर्षीचा त्यांचा ‘वेटिंग’ हा लहानसा चित्रपट घायपाताचा वाख काढणाऱ्या कारखान्यात घडतो: हवेत तरंगणारे तंतू आणि यंत्रांची घरघर.

मराठी वाचकाला जास्त जवळचा वाटेल तो २०११ चा ‘यलो पॅच’. इथे कॅमेरा समुद्र ओलांडून उलट्या दिशेनं येतो. कच्छचं रण, मांडवीत बांधली जाणारी लाकडी जहाजं, पडझड झालेल्या हवेल्या आणि मुंबईच्या पोर्ट ट्रस्टची कार्यालयं. ज्या बंदरांवरून लोक आफ्रिकेला गेले त्या बाजूची ही तपासणी. मुंबईची माणसं इथेही नाहीत. आहेत ती टेबलं, कपाटं आणि कागदांचे ढीग. सरकारी कचेरीत ज्यानं आयुष्यात एकदा तरी खेटे घातलेत त्याला त्या ढिगांची ओळख सांगावी लागत नाही. आजोबा-पणजोबा कुठून आले म्हणून ज्या देशाकडे बोट दाखवलं जातं, तिथेही भीमजी यांना आप्तांचं घर न मिळता कचेरी मिळते, याला अर्थ आहे. युगांडातून हाकलताना ‘तुमच्या देशात जा’ म्हटलं गेलं होतं. तो देश मुंबईत कागदांच्या रूपातच उरलेला दिसतो.

तिथून ‘लेड व्हाइट’ फार दूर नाही. २०१८ मध्ये लंडनच्या टेट ब्रिटन या कलासंग्रहालयात मांडलेल्या या कामासाठी भीमजी यांनी अनेक वर्षं सरकारी अभिलेखागारांतले वसाहतकालीन कागद छायाचित्रित केले: हस्ताक्षरं, आखलेल्या रेघा, शिक्के, कागदावर दाबून उठवलेल्या मोहरा. त्यांच्या जोडीला भरतकाम. पासपोर्टवर पडला तो शिक्का इथे भिंग लावल्यासारखा मोठा होऊन समोर येतो, आणि तो मारणारा हात किती निवांत होता हेही शाईवरून दिसतं.

‘आउट ऑफ ब्लू’वर मी घेतलेला दुसरा आक्षेप या कामाला लागू पडत नाही. युगांडातल्या चौकटीतून माणूस कलावंतानं बाजूला केला होता. या कागदांतून तो बाजूला केला वसाहतीच्या कारभारानं, ज्यानं माणसाचा क्रमांक केला आणि क्रमांकाची फाइल केली. भीमजी यांनी तो कागद आहे तसा दाखवला आणि शेजारी हातानं घातलेला टाका ठेवला. दोन्ही कामं शेजारीशेजारी ठेवून पाहिली तर पद्धत तीच राहूनही जबाबदारी कुठे सरकली ते स्पष्ट होतं, आणि म्हणून मला ‘लेड व्हाइट’ हे दोहोंतलं जास्त पक्कं काम वाटतं. मात्र ते नीट कळायला आधी त्या २४ मिनिटांतून जावं लागतं.